विरजण मागायला जा

पत्र

ताई, आमची गिरगावातली चाळ तीन वर्षांपूर्वी पुनर्विकासासाठी रिकामी केली. १८० चौरस फुटांची खोली, दुसरा मजला, जिन्याला लागून. लग्न होऊन मी तिथे आले त्याला आता ३६ वर्षं झाली. बिल्डर भाडं देतो, पण त्या पैशांत गिरगावात काहीच मिळत नाही. म्हणून आधी दहिसरला दोन वर्षं काढली. तिथल्या मालकाने करार वाढवला नाही, तेव्हापासून विरारला नवव्या मजल्यावर आहोत. घर चांगलं आहे. दोन बेडरूम, घरातच दोन संडास, दिवसभर पाणी. कुणाला काही सांगायला जावं तर म्हणतात, मग रडतेस कशाला?

पण दिवसभर दार बंद. हे ६६ वर्षांचे आहेत. रोज सकाळची गाडी पकडून गिरगावात जातात, पत्र्याच्या कुंपणाबाहेर उभे राहतात, काम किती वर आलं ते बघतात आणि दुपारी अडीचला जेवायला परत येतात. मुलगा रात्रपाळी करून येतो आणि झोपतो. सासूबाई ८५ वर्षांच्या. दिवेलागणीला पिशवी भरून बसतात आणि विचारतात, "घरी कधी जायचं?" चौदा खोकी अजून बांधलेलीच आहेत. दिवाळीत सोऱ्या कुठल्या खोक्यात आहे ते आठवेना, शेवटी नवा आणला. संक्रांतीला समोरच्या दारी तिळगुळाचं ताट नेऊन दिलं. आठवड्याने ते वॉचमनच्या हाती परत आलं, त्यात सुक्या मेव्याचं पाकीट. मला ते फार लागलं. त्यानंतर मी कुणाकडे गेले नाही.

हल्ली सकाळी उठावंसंच वाटत नाही. इथे जीव लावला तर पुन्हा निघताना तुटणार, नाही लावला तर दिवस जात नाही. काय करू?

— तात्पुरती, विरार

उत्तर

तात्पुरत्या ताई,

हे नाव तुम्हीच घेतलंत, आणि मला ते आवडलेलं नाही. घर तात्पुरतं असेल, तुम्ही कशा काय तात्पुरत्या झालात?

पत्र वाचताना सोऱ्यापाशी मी थांबले, कारण माझाही एक सोऱ्या असाच हरवला होता. आमची चाळ पाडली तेव्हा "दोन वर्षांत चाव्या देतो" असं आम्हाला सांगितलं होतं. सहा वर्षं लागली. त्या सहा वर्षांत तीन घरं झाली. प्रत्येक वेळी अकरा महिन्यांचा करार, प्रत्येक वेळी टेम्पो, आणि टेम्पोवाल्याचं तेच, "वहिनी, एवढं सामान सांगितलं नव्हतंत." तिसऱ्या घरात तर मी भिंतीवर खिळा म्हणून ठोकला नाही. मालकाची परवानगी नव्हती हे खरं, पण असती तरी मी ठोकला नसता. सासऱ्यांची तसबीर दोन वर्षं कपाटात साड्यांच्या मागे उभी होती. म्हणजे तुमच्या चौदा खोक्यांना हसायचा मला अधिकार नाही.

तरीही, खोकी का उघडली नाहीत ते एकदा स्वतःला विचारा. "परत बांधायची दगदग कोण करणार" हे कारण झालं सांगण्यापुरतं. माझं खरं कारण वेगळं होतं. खोकी उघडली की आपण इथले झालो, आणि इथले झालो की तिथलं काहीतरी हातचं सुटलं, असं मला वाटायचं. जणू मी बांधाबांध तशीच ठेवून वाट बघत बसले म्हणूनच तिकडे स्लॅब पडणार होते. तुमचे यजमान रोज कुंपणापाशी उभे राहतात आणि तुम्ही रोज बांधलेल्या खोक्यांपाशी बसता. मला तरी या दोन्ही गोष्टी एकच वाटतात.

माझी एक मावशी मुंबईतल्या एका संक्रमण शिबिरात राहायला गेली. इमारत धोकादायक ठरली, रातोरात रिकामी करायला लावली. एक-दोन वर्षांचा प्रश्न आहे असं सगळेच म्हणत होते. मावशीने बावीस वर्षं तिथे काढली. मुलीचं लग्न तिथून झालं, नातू तिथल्या अंगणात चालायला शिकला, आणि शेवटी मावशी गेलीही तिथूनच. तिच्या माळ्यावर "नव्या घरासाठी" म्हणून राखून ठेवलेला काचेचा डिनर सेट होता. बाराव्याला आम्ही तो पहिल्यांदा खाली काढला. तुमचं असं होईल असं मी म्हणत नाही. तुमचं काम चालू आहे, भाडं येतंय, हे पुष्कळ बरं चिन्ह आहे. पण ताई, तुमचीही तीन वर्षं गेलीच की. ती कुठल्या करारात भरून मिळणार आहेत?

आता त्या ताटाकडे येते. तुमच्या पत्रातलं सगळ्यात महत्त्वाचं वाक्य मला तेच वाटलं.

ताट वॉचमनच्या हाती आलं याचं तुम्हाला वाईट वाटलं. साहजिक आहे. आपल्याकडे ताट परत द्यायला माणूस स्वतः येतो, उंबऱ्यात दहा मिनिटं उभा राहतो, "बसत नाही हं" म्हणत अर्धा तास बोलतो. पण ते ताट रिकामं आलं नाही हेही बघा. दुसऱ्याचं भांडं रिकामं पाठवू नये ही रीत त्या घरातही कुणीतरी शिकलेलं आहे. आठवडाभर ते ताट त्यांच्या ओट्यावर पडून होतं, आणि "यात काय घालून द्यायचं" हा प्रश्न त्या बाईलाही पडला होता. मला वाटतं, ती लाजली असावी. माझा अंदाज चुकीचाही असेल. पण तुमचा अंदाज, की तिने तुम्हाला झटकलं, तो तरी कशावरून बरोबर?

आणखी एक गोष्ट. ती मला कळायला पाचेक वर्षं आणि तीन घरं लागली. नव्या जागी आपण सुरुवात देण्याने करतो. तिळगूळ देतो, प्रसाद देतो, फराळाची ताटं फिरवतो. आपल्याला वाटतं, याने ओळख होईल. पण अनोळखी माणसाने काही दिलं की घेणाऱ्यावर ओझं पडतं. तो लगेच फेड करतो आणि मोकळा होतो. तिळगूळ आला, सुका मेवा गेला, हिशेब मिटला. शेजार मागण्याने जुळतो.

चाळीतले दिवस आठवा. तुम्ही तिथे काय द्यायचात त्यापेक्षा काय मागायचात ते आठवा. विरजण. वाटीभर साखर. पाहुणे आले की दोन खुर्च्या. पापडासाठी गच्चीची किल्ली. "जरा पोराला बघ गं, मी रेशनला जाऊन येते." ज्या दिवशी नव्या सुनेने शेजारच्या दारात जाऊन पहिल्यांदा विरजण मागितलं, त्या दिवशी ती चाळीची झाली. तिने मोदक वाटले तेव्हा नव्हे. ज्याच्याकडे आपण मागतो त्याला कळतं की आपलं याच्यावाचून काहीतरी अडलंय. मग उद्या त्याचं अडलं तर तो मोकळेपणाने येतो.

म्हणून समोरच्या दारी पुन्हा जा, आणि या वेळी हात रिकामे घेऊन जा. काय मागायचं ते तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं कळतं. मी आपलं विरजण म्हणते, कारण ते चमचाभर लागतं, द्यायला कुणाला जड जात नाही, आणि दुसऱ्या दिवशी "काय छान लागलंय दही" म्हणून परत जाता येतं. दही पाकिटातूनच येत असेल त्यांच्याकडे, तर इस्त्रीवाला कोण, प्लंबर कोण, सासूबाईंना बघायला घरी येणारा डॉक्टर आहे का, असं काहीही. शेवटचा प्रश्न तर खराच गरजेचा आहे. त्यांना मराठी येत नसेल तर आपलं मुंबईचं हिंदी आहेच. त्या हिंदीला अजून कुणी हसून मेलेलं नाही. आणि तिथे खरंच थंड वागणूक मिळाली तर त्या मजल्यावर आणखी दारं असतील. चाळीत तरी सगळ्यांशी कुठे पटत होतं?

पटत नव्हतंच. हे जरा स्पष्टच लिहिते, राग मानू नका. चाळ आता आठवणीत राहिली आहे, आणि आठवणीतल्या चाळीला वास नसतो. सकाळी सातची संडासाची रांग, पावसाळ्यात पाझरणारी भिंत, कुजकी फळी वाजू नये म्हणून जिन्यात जपून टाकायचं पाऊल, आणि नवीन लग्न झालेल्यांनी एकाच खोलीत पडद्याआड कसे दिवस काढले ते बायका बायकांनाच सांगतात. चाळीतली माणुसकी खरी होती. पण ती जागेच्या टंचाईतून आली होती, हेही तितकंच खरं. नळ एक होता म्हणून बोलावं लागायचं. खोलीत मावत नव्हतो म्हणून गॅलरीत बसायचो. हे सांगते कारण नवी इमारत उभी राहील तेव्हा तिला लिफ्ट असेल, घरात नळ असेल, आणि दार बंद होईल. ती गॅलरी परत मिळणार नाही.

वरळीच्या बीडीडी चाळींचं उदाहरण बघा. शंभरेक वर्षांपूर्वीच्या त्या चाळी, खोली १६० चौरस फुटांची. ऑगस्ट २०२५ मध्ये पहिल्या ५५६ कुटुंबांना तिथल्या नव्या इमारतींतल्या ५०० चौरस फुटांच्या घरांच्या चाव्या मिळाल्या. आनंदाचीच गोष्ट आहे. पण एका मजल्यावरच्या लांब गॅलरीत समोरासमोर राहिलेली माणसं मनोऱ्यात गेली की त्यांना एकमेकांकडे जायला कारण काढावं लागतं. आमच्या नव्या इमारतीत मी राहायला आले तेव्हा पहिले चार महिने मला कुणाची आठवण यायची, सांगू? चाळीतल्या कुणाची नाही. तिसऱ्या भाड्याच्या घरातल्या मल्याळी शेजारणीची, जिच्याकडे मी तीन वर्षांत शेवटचे सहा महिनेच काय ते गेले. आधीची अडीच वर्षं मी "जायचंच आहे" म्हणत फुकट घालवली. निघताना तुटलं हो. तुमची भीती खरी आहे, तुटतं. पण अजून आमचा फोन असतो. ओणमला ती मला फोटो पाठवते आणि मी तिला पुरणपोळीचा हिशेब समजावते, तो तिला आजतागायत जमलेला नाही.

यजमानांचं गिरगावला जाणं बंद करायला जाऊ नका. तुमच्या ३३ वर्षांच्या बरोबरीने त्यांची तिथे त्याआधीचीही वर्षं आहेत, लहानपणच तिथलं. कुंपणाबाहेर त्यांच्यासारखे आणखी दोघं-तिघं उभे राहत असतील, अशी मला खात्री आहे, आणि त्यांच्या दिवसातलं तेवढंच काय ते बोलणं असेल. उलट महिन्यातून एकदा तुम्हीही बरोबर जा. नुसतं बांधकाम बघायला नको. चाळीतली मंडळी आता डोंबिवली, बदलापूर, मीरा रोड अशी पांगली असणार. त्यातल्या चार जणींना फोन करा. ग्रुपवर लिहू नका; चाळीच्या ग्रुपवर सुप्रभात आणि बिल्डरच्या अफवा यापलीकडे काही चालत नाही. फोन करून एक वार ठरवा, महिन्याचा पहिला शनिवार म्हणा, ठाकूरद्वारला भेटा, साहित्य संघाच्या नाट्यगृहात एखादं नाटक असेल तर बघा, चौपाटीवर बसा. आणि चाळीचा गणपती या तीन वर्षांत कुठे बसतोय याची चौकशी करा. केशवजी नाईक चाळीने १८९३ मध्ये सार्वजनिक गणपती बसवला तो तुमच्याच गिरगावात, तेव्हा एका मंडपापायी माणसं कशी धरून राहतात हे मी तुम्हाला काय सांगू! तुमचा गणपती बंद पडला असेल तर तो कुणाच्या तरी भाड्याच्या घरी बसू शकतो. मूर्ती एक फुटाची आणली तरी चालेल. नव्या इमारतीत माणसं ओळखीची राहावीत असं वाटत असेल तर त्याची सोय आत्ताच करायला हवी, चावी मिळाल्यावर नव्हे.

(जाताजाता एक कोरडी गोष्ट. पर्यायी जागेच्या, म्हणजे नव्या इमारतीतल्या घराच्या, करारनाम्याची नोंदणीकृत प्रत घरात कुठे आहे ते तुम्हाला, फक्त यजमानांना नाही, तुम्हाला माहीत असू द्या. चौदांपैकी एखाद्या खोक्यात तळाशी असेल तर माझा जीव खालीवर होईल.)

सासूबाईंबद्दल दोन गोष्टी. "घरी कधी जायचं" याला तारीख सांगून उत्तर देऊ नका आणि "हेच आपलं घर" म्हणून वादही घालू नका. दोन्हींनी त्या आणखी घाबऱ्या होतील. त्यांना विचारा, "घरी गेल्यावर आधी काय करायचंय?" त्या सांगू लागतील: देवाला दिवा लावायचाय, अमकीला हाक मारायचीय. मग दिवा इथेच त्यांच्या हातून लावून घ्या आणि त्या अमकीला फोन लावून द्या. त्यांची खाट गिरगावात ज्या दिशेला होती त्याच दिशेला लावता येते का बघा. जुनं घड्याळ, त्यांचं पाण्याचं तांब्या-भांडं, देव्हारा नजरेसमोर आणा. म्हाताऱ्या माणसाला रात्री उठल्यावर हात टाकावा तिथे ओळखीची वस्तू लागली की बराच धीर येतो.

दुसरी गोष्ट, त्यांना डॉक्टरांना दाखवा. जागा बदलल्याने या वयात गोंधळ उडतो हे खरं, पण सगळं जागेवर ढकलू नका. संध्याकाळीच जास्त भ्रम होणं हे विस्मरणाच्या आजारातही दिसतं. कधी कधी लघवीचा संसर्ग, थायरॉइड, बी-१२ ची कमतरता किंवा नुसतं ऐकू कमी येणं, असं उपचाराने सावरणारं काहीतरी निघतं. पिशवी भरून त्या एकट्या लिफ्टने खाली जाऊ नयेत म्हणून वॉचमनला सांगून ठेवा, आणि नाव-फोन लिहिलेली चिठ्ठी त्या पिशवीतच टाका.

तुम्ही स्वतःविषयी एकच ओळ लिहिलीत, शेवटी, सहज लिहिल्यासारखी. सकाळी उठावंसं वाटत नाही. हे दोन आठवड्यांहून जास्त चाललं असेल, झोप-भूक गेली असेल, किंवा जगून काय करायचं असा विचार येऊ लागला असेल तर माझ्या पत्राच्या भरवशावर राहू नका. १४४१६ हा सरकारच्या टेलि-मानस या मानसिक आरोग्य सेवेचा फोन आहे, चोवीस तास लागतो, पैसे पडत नाहीत आणि मराठीत बोलता येतं. सासूबाईंना डॉक्टरकडे न्याल तेव्हा पाच मिनिटं स्वतःसाठीही मागून घ्या. तिथेही मागायचंच आहे, बघा.

आणि विरारबद्दल थोडं. नवव्या मजल्यावरून विरार म्हणजे नुसत्या इमारती दिसत असतील. खाली उतरलात की ते वेगळं आहे. आगाशी-अर्नाळ्याच्या बाजूला अजून वाड्या आहेत, पानवेली, केळी, फुलं आहेत. अर्नाळा कोळ्यांचं गाव. तुम्ही मासे खात असाल (गिरगावकर आहात, तेव्हा शक्यता दाट) तर ॲपवरून मागवणं बंद करा आणि एक कोळीण ठरवा. दोन-तीनदा भाव करून भांडलात की ती तुमची झाली. वसईची सुकेळी सासूबाईंना आवडतील, मऊ असतात. एका रविवारी मुलाला उठवा आणि सोपाऱ्याचा स्तूप बघून या. १८८२ मध्ये भगवानलाल इंद्रजींनी तो खणून काढला. सोपारा म्हणजे कोकणच्या किनाऱ्यावरचं जुनं बंदर, कुठकुठचे व्यापारी तिथे उतरायचे, महिनोन्महिने राहायचे आणि वारा फिरला की परत जायचे. त्यांचीही घरं भाड्याचीच असतील, नाही का? असो, मी वाहवत चालले.

हास्यक्लबात जा असं मी सांगणार नाही. मला स्वतःला सकाळी सहा वाजता हसणारी माणसं झेपत नाहीत. पण भजनी मंडळ, वाचनालय, ज्येष्ठ नागरिक संघ यांतलं एखादं जवळ असेल तर महिनाभर जाऊन बघा. नाही रुचलं तर सोडून द्या, जबरदस्ती नाही.

राहिली खोकी. चौदाच्या चौदा उघडा असं म्हटलं तर तुम्ही एकही उघडणार नाही. मी तरी उघडलं नसतं. आज एकच उघडा, स्वयंपाकघराचं. कुठलं ते आठवत नसेल तर सासूबाईंना विचारा, त्यांना कदाचित आठवत असेल. बांधाबांध करताना त्या तिथेच बसल्या असतील. जुना सोऱ्या निघाला की नवा समोरच्या बाईंना द्या. दिवाळीला वर्ष असलं तरी असू दे, शेवेला चालतो. पण देण्याआधी विरजण मागून झालेलं असू दे.

— तुमची ताई